मुलापेक्षा पाच वर्षांनी लहान आई

ज्यांना बसमध्ये, ऑफिसात किंवा रात्री सगळे झोपल्यावर ऐकण्यापेक्षा वाचणं सोयीचं पडतं, त्यांच्यासाठी हा नेहमीसारखा लेखी भाग. बोलताना मी सतरा वेळा 'म्हणजे' म्हणते, तेवढे गाळलेत. बाकी जसं बोलले तसंच आहे.

आजचा विषय एका एक्सेल शीटमधून निघालाय. हसू नका, माझं कामच ते आहे.

गेल्या दिवाळीत मी कोल्हापूरला आजीकडे होते. आजी म्हणजे आईची आई. दुपारची जेवणं झाली होती, फराळाचा डबा मध्ये होता आणि टीव्हीवर 'जॉनी मेरा नाम' लागला होता. १९७० चा सिनेमा, दिग्दर्शक विजय आनंद. आजीने तो लग्नानंतर लगेच थिएटरात पाहिला होता, त्यामुळे पुढे काय होणार ते ती आधीच सांगत होती. तेवढ्यात सुलोचनाबाई पडद्यावर आल्या. फिकट साडी, डोळ्यांत पाणी, देव आनंदची आई.

मी सहज विचारलं, "आजी, या तेव्हा किती वर्षांच्या असतील गं?"

आजी म्हणाली, "काय माहीत बाई. मी शाळेत होते तेव्हापासून त्या आईच आहेत."

मी मोबाईल काढला. सुलोचना लाटकर यांचा जन्म १९२८ चा. देव आनंदचा १९२३ चा. म्हणजे आई ४२ वर्षांची आणि मुलगा ४७ वर्षांचा. त्या सिनेमात त्यांना आणखी एक मुलगा आहे, लहानपणी हरवलेला. तो प्राण. प्राण यांचा जन्म १९२० चा, म्हणजे हा मुलगा ५० वर्षांचा! आणि ४७ वर्षांच्या नायकाची नायिका कोण, तर २२ वर्षांची हेमा मालिनी.

मी कोड लिहिते. 'आईचं वय वजा मुलाचं वय' असं गणित करून उत्तर उणे पाच आलं, तर आम्ही म्हणतो बग आहे, डेटा पुन्हा तपासा. मी तपासला. डेटा बरोबर होता.

मग मी रात्री शीट उघडलं. एका कॉलममध्ये आई, दुसऱ्यात मुलगा, तिसऱ्यात फरक. जसजशी नावं भरत गेले तसतशी आणखी एक गोष्ट दिसायला लागली. हिंदी सिनेमातल्या या आयांमध्ये कितीतरी जणी मराठी होत्या. दुर्गा खोटे, लीला चिटणीस, ललिता पवार, सुलोचना, रोहिणी हट्टंगडी, रीमा लागू. म्हणजे देशाने ज्या आईला पाहून डोळे पुसले, ती बऱ्याचदा आपल्याकडची होती.

तर आज त्यांचा इतिहास. पडद्यावरच्या म्हाताऱ्या बाईचा इतिहास. खरं तर म्हाताऱ्या न झालेल्या म्हाताऱ्या बाईचा.

सुरुवात: एक खरी आई, एक खरी मुलगी

थोडं मागे जाऊ. १९१३ साली दादासाहेब फाळके 'राजा हरिश्चंद्र' काढतात, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळत नाही. शेवटी साळुंके नावाचे एक पुरुष नट तारामती होतात. ही गोष्ट आपल्याला माहीत असते. त्याच वर्षीची पुढची गोष्ट कमी जणांना माहीत असते. फाळक्यांच्या पुढच्या 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटात दोन स्त्रिया काम करतात. दुर्गाबाई कामत पार्वती होतात आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी होते. हीच ती कमलाबाई गोखले, विक्रम गोखल्यांची आजी.

म्हणजे आपल्या पडद्यावर पहिल्यांदा आलेल्या बायका खऱ्याखुऱ्या मायलेकी होत्या. आणि त्यातली आई पडद्यावर कुणाची आई झाली नव्हती. ती देवी होती, तिला स्वतःचं नाव होतं. हे लक्षात ठेवा, शेवटी कामाला येईल.

चाच्यांची राणी आणि बॉम्बे टॉकीजची नायिका

आता १९३२. कोल्हापूरच्या प्रभात कंपनीचा 'अयोध्येचा राजा', मराठीतला पहिला बोलपट. तारामती झाल्या दुर्गा खोटे. चांगल्या घरातल्या बाईने सिनेमात जायचं नाही, असा तो काळ. दुर्गाबाई नुसत्या गेल्या नाहीत, तर १९३६ च्या 'अमर ज्योती'मध्ये त्यांनी समुद्रावरच्या चाच्यांची राणी रंगवली. सौदामिनी तिचं नाव. बायकांना हक्क न देणाऱ्या राज्याविरुद्ध ती जहाज घेऊन उभी राहते. १९३६ साली!

नंतर काय झालं? १९६० च्या 'मुघल-ए-आझम'मध्ये त्या जोधाबाई झाल्या, दिलीप कुमारची आई. काम अर्थातच उत्तम. वयाचा हिशेबही ठीक, दुर्गाबाई दिलीप कुमारपेक्षा सतरा वर्षांनी मोठ्या. माझ्या शीटमध्ये असा अधिक चिन्हाचा, दोन आकडी फरक फार थोड्या ठिकाणी आला. पण जहाज गेलं ते गेलंच. चाच्यांची राणी आता नवरा आणि मुलगा यांच्यामध्ये उभी राहून रडत होती.

लीला चिटणीस यांचं आणखी लवकर झालं. त्या बॉम्बे टॉकीजच्या स्टार होत्या. १९३९ चा 'कंगन', १९४० चा 'बंधन', १९४१ चा 'झूला', तिन्हींत नायक अशोक कुमार. लक्स साबणाच्या जाहिरातीत दिसलेल्या त्या पहिल्या भारतीय नटी, साल १९४१. आणि १९४८ साली, म्हणजे 'झूला'नंतर फक्त सात वर्षांनी, त्या 'शहीद'मध्ये दिलीप कुमारची आई झाल्या. १९५१ साली 'आवारा'मध्ये राज कपूरची आई. १९६५ साली 'गाइड'मध्ये देव आनंदची आई. त्या काळातल्या तिन्ही मोठ्या नायकांची आई एकच बाई.

आणि अशोक कुमार? लीलाबाई आणि ते जवळपास एकाच वयाचे. १९५८ साली, लीलाबाईंना आई होऊन दहा वर्षं झाली होती, तेव्हा अशोक कुमार 'हावडा ब्रिज'मध्ये मधुबालाचे नायक होते. वय ४६.

इथे जरा थांबा. दोन माणसं, एकाच वर्षी, एकाच सिनेमातून, एकाच पायरीवरून निघालेली. एकाचं घड्याळ हळू चाललंय आणि दुसऱ्याचं पळतंय. घड्याळाला किल्ली देणारे तेच लोक.

लीलाबाई पुढे मुलांकडे अमेरिकेला गेल्या आणि २००३ साली तिथेच वारल्या. त्यांचं आत्मचरित्र मराठीत आहे, 'चंदेरी दुनियेत'.

ललिता पवार: एक थप्पड

ललिता पवारांची गोष्ट वेगळी. मूकपटांच्या काळापासून काम करणारी ही नायिका. 'दुनिया क्या है' हा १९३७ चा चित्रपट त्यांनी स्वतः निर्माण केला होता, टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून. म्हणजे विशीत निर्माती. १९४२ साली एका शूटिंगमध्ये सहकलाकाराने मारायची थप्पड जरा जोरात लागली. चेहऱ्याच्या एका बाजूवरून वारं गेलं, डावा डोळा कायमचा बारीक झाला. उपचारात काही वर्षं गेली. परत आल्या तेव्हा नायिकेची दारं बंद होती. वय तिशीच्या आतलं.

मग त्या सासू झाल्या. आणि काय सासू झाल्या! तो बारीक डोळाच त्यांनी हत्यार म्हणून वापरला. आपल्या आज्यांच्या पिढीत एखाद्या खाष्ट बाईला 'ललिता पवार' म्हणायची पद्धत होती, अजूनही कुठेकुठे आहे.

पण गंमत बघा. त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं ते १९५९ च्या 'अनाडी'साठी, आणि त्यात त्या खाष्ट सासू नव्हत्याच. त्या होत्या मिसेस डिसा, राज कपूरची घरमालकीण. तोंडाने फटकळ, मनाने मऊ. कुणाची आई नाही, कुणाची सासू नाही. हिचं घर तिचं स्वतःचं आहे आणि ती भाडं मागते. माझ्या मते त्या काळातली ही सगळ्यात पूर्ण म्हातारी बाई आहे, कारण ती नायकाच्या नात्यातली नाही.

शेवटी १९८७ च्या दूरदर्शनवरच्या 'रामायण'मध्ये त्या मंथरा झाल्या. तेव्हा त्या खरोखर सत्तरीच्या होत्या. म्हणजे तिशीच्या आधी गेलेलं तारुण्य आणि सत्तरीत आलेलं म्हातारपण, मधली चाळीस वर्षं त्यांनी म्हातारीचा मेकअप करून काढली.

सुलोचना: एकतीस

आता मूळ मुद्द्यावर, सुलोचनाबाई. जन्म बेळगाव जिल्ह्यातल्या खडकलाट गावचा, घडल्या कोल्हापूरला भालजी पेंढारकरांच्या हाताखाली. 'मीठ भाकर', 'वहिनीच्या बांगड्या' अशा मराठी चित्रपटांच्या त्या नायिका. १९५९ साली 'दिल देके देखो' आला. नायक शम्मी कपूर, त्याची आई सुलोचना. शम्मी कपूरचा जन्म १९३१ चा. आई मुलापेक्षा तीन वर्षांनी मोठी. सुलोचनाबाईंचं वय ३१.

मी आज २८ वर्षांची आहे. सिनेमाच्या हिशेबाने माझ्याकडे तीन वर्षं उरलीत. घरी लग्नाचा विषय निघतो तेव्हा मावशी जवळपास हीच मुदत सांगते, हा योगायोग नसावा.

१९६३ साली मराठीत 'मोलकरीण' आला. मुलाच्याच घरी मोलकरीण होऊन राबणारी आई. थिएटरात लोक हमसून रडायचे, आजी सांगते. तेव्हा सुलोचनाबाई ३५ च्या. नंतर 'जॉनी मेरा नाम', आणि मग उणे पाचचा आकडा. त्यांना पद्मश्री मिळाली, महाराष्ट्र भूषण मिळालं आणि २०२३ साली वयाच्या ९४ व्या वर्षी त्या गेल्या. आयुष्यातली साठ-पासष्ट वर्षं त्या सगळ्यांसाठी आई होत्या.

शीट पुढे सरकतं

आता पटापट. १९५७, 'मदर इंडिया'. नर्गिस आणि सुनील दत्त, दोघांचाही जन्म जून १९२९ चा. आई आणि मुलगा एकाच महिन्यात जन्मलेले. पुढच्या वर्षी, मार्च १९५८ मध्ये, दोघांनी लग्न केलं. शूटिंगच्या वेळी नर्गिस २७-२८ वर्षांची, पांढऱ्या केसांचा मेकअप करून.

१९७५, 'दीवार'. निरुपा रॉय अमिताभपेक्षा ११ वर्षांनी आणि शशी कपूरपेक्षा सातच वर्षांनी मोठ्या.

१९८२, 'शक्ती'. राखी अमिताभची आई. सहाच वर्षं आधी 'कभी कभी'मध्ये ती त्याची प्रेयसी होती. आणि ती अमिताभपेक्षा जवळपास पाच वर्षांनी लहान.

१९८९, 'मैंने प्यार किया'. रीमा लागू सलमानची आई. वय ३१, पुन्हा तोच आकडा. सलमान २४. दहा वर्षांनी 'वास्तव'मध्ये त्या संजय दत्तच्या आई, फरक एका वर्षाचा.

१९९०, 'अग्निपथ'. रोहिणी हट्टंगडी अमिताभची आई. आई ३८, मुलगा ४७.

रोहिणीताईंबद्दल एक सांगायलाच हवं. १९८२ च्या 'गांधी'मधल्या कस्तुरबांसाठी त्यांना बाफ्टा मिळालं होतं. वयाच्या तिशीत त्यांनी एका बाईचं तरुणपणापासून मरणापर्यंतचं आयुष्य उभं केलं. १९८४ च्या 'सारांश'मध्ये शिवाजी पार्कच्या एका मराठी म्हाताऱ्या जोडप्याची गोष्ट आहे. तिथेही त्या तिशीतच होत्या आणि नवरा झालेले अनुपम खेर तर २८-२९ चे! म्हणजे तरुण माणसाने म्हातारं होणं ही काही फसवणूक नाही, तो अभिनयच आहे. 'सारांश'मध्ये नवरा-बायको दोघंही म्हातारे होतात. बाकी शीटमध्ये मात्र एकटी बाई म्हातारी होते.

असं का झालं?

मला याची तीन कारणं दिसतात.

पहिलं, नायकाचं वय. तिकीट नायकाच्या नावावर विकलं जातं, म्हणून तो ४७ व्या वर्षीही कॉलेजातून नुकताच बाहेर पडल्यासारखा दिसला पाहिजे. त्याच्यासमोर खरी ७० वर्षांची आई उभी केली, तर मुलगा पन्नाशीला टेकलाय हे प्रेक्षकाला लगेच कळेल. तरुण आई नायकाचं वय झाकते.

दुसरं, गोष्टीची रचना. 'मदर इंडिया', 'दीवार', 'जॉनी मेरा नाम' बघा. सुरुवात नायकाच्या लहानपणापासून. तिथे आई तरुण हवी. मग मुलगा धावता धावता मोठा होतो आणि बालकलाकाराच्या जागी नायक येतो. मुलासाठी दोन माणसं घेतात, आईसाठी एकच. चेहरा ओळखीचा राहावा म्हणून तिच्या केसांना पांढरा रंग लावतात. व्यवहार म्हणून हे समजू शकतं.

तिसरं, साचा. एकदा आई झालेली बाई परत नायिका होत नाही. दरवाजा एकाच बाजूला उघडतो. आणि नाटकात किंवा स्टुडिओत कसून तयार झालेली, कुठलंही वय पेलणारी मराठी नटी मुंबईतच हाताशी असायची. ज्या गुणामुळे तिला काम मिळालं, त्याच गुणाने तिला वेळेआधी म्हातारं केलं.

पण या तिन्हींच्या मुळाशी एकच गोष्ट आहे असं मला वाटतं. त्या गोष्टीत म्हातारी बाई नव्हतीच. तिथे होतं एक नातं. 'आई' ही जागा भरायची होती, आणि जागेला वय नसतं. म्हणूनच साने गुरुजींच्या श्यामची आई डोळ्यांसमोर आणा म्हटलं की आपण वयस्कर बाई बघतो. श्याम तर शाळकरी पोरगा आहे! त्याची आई तरुणच असणार. आचार्य अत्र्यांच्या १९५३ च्या चित्रपटात ती वनमालाबाईंनी केली, ज्या १९४१ च्या 'सिकंदर'च्या नायिका होत्या. त्या चित्रपटात वयाचा हिशेब बरोबर आहे. आपल्या डोक्यातला चुकलेला आहे.

घरातला छोटा पडदा

टीव्ही आला आणि म्हाताऱ्या बाईला निदान वेळ भरपूर मिळाला. १९८८ ची 'वागळे की दुनिया' आठवते? किंवा आईबाबांकडून ऐकली असेल. तिच्या निर्मितीमागे दुर्गा खोट्यांची संस्था होती. जहाजावरची ती राणी ऐंशीच्या घरात निर्माती होती, हे वाचून मला भारी वाटलं.

१९९४ साली 'तू तू मैं मैं' आली. सासू रीमा लागू, सून सुप्रिया पिळगांवकर, वयात नऊ वर्षांचा फरक. पण इथली सासू रडत नव्हती. ती भांडत होती, डाव टाकत होती, हरत होती, हसवत होती. मग २००० साली 'क्यों की सास भी कभी बहू थी' आली आणि लीप नावाचा प्रकार आला. मालिका वीस वर्षांची उडी मारते, आणि तिशीतली स्मृती इराणी आजी होते.

मराठीत २००१ पासून 'चार दिवस सासूचे' सुरू झाली. रोहिणी हट्टंगडींची आशा देशमुख. तीन हजारांहून जास्त भाग झाले. ही सासू घर चालवते, निर्णय घेते, सगळे तिला विचारतात. सत्ता होती, पण ती घराच्या चौकटीतली. तिला स्वतःसाठी काही हवंय का, हा प्रश्न कुणी विचारत नव्हतं.

तो प्रश्न विचारायला २०१९ उजाडलं. 'अग्गंबाई सासूबाई'. निवेदिता सराफ यांची आसावरी, मुलाचं आणि सासऱ्यांचं करण्यात आयुष्य घालवलेली विधवा. तिचं दुसरं लग्न लावून देते तिची सून. आमच्याकडे आई, काकू, शेजारच्या काकू, सगळ्या ही मालिका बघायच्या. मुलगा सोहम चिडला की आई टीव्हीशी बोलायची, "गप बस रे!" त्याच वर्षी 'आई कुठे काय करते' सुरू झाली. नावातच सगळं आलं.

हिंदीतही २०१७ साली नीना गुप्ता यांनी इन्स्टाग्रामवर सरळ लिहिलं की मी मुंबईत राहते, चांगली अभिनेत्री आहे, चांगल्या भूमिका शोधतेय. तेव्हा त्या ५८ वर्षांच्या होत्या. पुढच्याच वर्षी 'बधाई हो' आला. त्यात त्यांनी मोठ्या मुलांची आई असताना पुन्हा गरोदर राहणारी बाई केली. सिनेमा तुफान चालला. म्हणजे प्रेक्षक होता. त्याला विचारलं नव्हतं एवढंच.

आणि मग ३० जून २०२३. केदार शिंदे यांचा 'बाईपण भारी देवा'. सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा. रोहिणी हट्टंगडी, वंदना गुप्ते, सुकन्या मोने, सुचित्रा बांदेकर, शिल्पा नवलकर, दीपा परब. त्यात रजोनिवृत्ती आहे, नवऱ्याचं सोडून जाणं आहे, बहिणींचे जुने रुसवे आहेत. एकही जण कुणा नायकाची आई म्हणून तिथे उभी नाही. मराठीतल्या सर्वाधिक कमाई करणाऱ्या चित्रपटांत त्याची गणना झाली. बायकांचे घोळके नऊवारी नेसून, गॉगल लावून थिएटरात गेले आणि सिनेमा संपल्यावर तिथेच फुगड्या घातल्या. माझी आईही गेली होती. त्या दिवशीचे एकशे चौदा फोटो माझ्या व्हॉट्सॲपवर आहेत.

इथे हा भाग संपवायचा असं मी ठरवलं होतं. जुना सिनेमा चुकला, नवा सुधारला, टाळ्या. स्क्रिप्टही लिहून झाली होती.

अल्बम

पण शीट भरून झाल्यावर दुसऱ्या दिवशी आजीला मी ते आकडे वाचून दाखवले. "बघ, किती अन्याय. ४२ व्या वर्षी कुणी म्हातारं असतं का?"

आजी काही बोलली नाही. उठली, कपाटातून आईच्या लग्नाचा अल्बम काढला. १९९० सालचा. प्रत्येक पानावर तो पातळ, खडखडणारा बटर पेपर. एका फोटोत आजी आई-बाबांच्या मागे उभी आहे. फिकट राखाडी साडी, घट्ट अंबाडा, केसांत फूल नाही. मी हा फोटो लहानपणापासून शंभर वेळा पाहिलाय. मला त्यात कायम एक म्हातारी बाई दिसलीय.

आजी म्हणाली, "माझं वय मोज."

आजीचा जन्म १९४८ चा. मी मोजलं. बेचाळीस.

आमच्या ऑफिसात माझी टीम लीड ४२ वर्षांची आहे. ती दर पावसाळ्यात सह्याद्रीत ट्रेकला जाते आणि परवा तिने केस निळे केलेत. आणि ही माझी आजी, त्याच वयाची, 'जॉनी मेरा नाम'मधल्या सुलोचनाबाईंसारखी दिसणारी. कुणी मेकअप केला नव्हता.

"तुला कुणी सांगितलं होतं का, फिकट नेस म्हणून?"

"कुणी नाही. लेकीचं लग्न ठरलं, जावई येणार. आता गडद रंग शोभत नाहीत असं वाटलं. सगळ्याच तशा नेसायच्या."

"आणि आजोबा?"

आजी हसली. "त्यांनी त्याच लग्नात सफारी शिवला की. निळा."

अल्बममध्ये आजोबा आहेत. निळा सफारी, केसांना कलप, नायकासारखे उभे. वय ४८.

माझं शीट तिथे बदललं. मला वाटत होतं पडदा खोटं बोलत होता. वयाबद्दल तो खोटं बोलत होताच. पण घरात जे चाललं होतं, तेच तो दाखवत होता. घरोघरी बाईचं वय तिच्या जन्मतारखेवरून मोजलंच जात नव्हतं. मुलगा कमावता झाला, लेकीचं लग्न झालं, नातवंड झालं, यावरून ते ठरायचं. पुरुषाचं मात्र कॅलेंडरवरून. सिनेमाने हा नियम फक्त टोकाला नेला, इतका की आकडा उणे झाला. आणि मग मोठ्या पडद्यावर इतक्या वर्षं तेच बघून आपल्या आज्यांना ते आणखी खरं वाटलं. कुठलं आधी, कुठलं नंतर, हे मला सोडवता आलं नाही.

म्हणून मला दुर्गाबाई कामत आठवतात. १९१३ साली पडद्यावर आलेली आई, जी कुणाची आई म्हणून आली नव्हती. आणि मिसेस डिसा, जिचं घर तिचं होतं. त्या दोघींपासून 'बाईपण भारी देवा'पर्यंतचा रस्ता सरळ नाही. मध्ये अनेक दशकं फिकट साड्यांची आहेत. त्यातली काही दशकं माझ्या घरातलीच आहेत.

निघायच्या दिवशी मी आजीला विचारलं, लग्नाआधी तुला कुठला रंग आवडायचा? ती म्हणाली, "डाळिंबी." इतक्या वर्षांत हे मला माहीत नव्हतं. आईलाही माहीत नव्हतं. मी पाडव्याला डाळिंबी साडी आणली. आजी म्हणाली, "या वयात?" मी म्हटलं, कुठल्या वयात, तू मोज. तिने ती अजून नेसलेली नाही. पण परतही केलेली नाही, कपाटात वरच्या कप्प्यात ठेवलीय.

तर या आठवड्याचं काम. घरी गेलात की आईबाबांच्या लग्नाचा अल्बम काढा. त्यात तुमची आजी शोधा. आणि तिचं तेव्हाचं वय मोजा. आकडा काय आला ते मला नक्की कळवा.

भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या.